पाठमोरी

स्टुडिओत तिला सगळे वहिनी म्हणत. तिचं लग्न झालेलं नव्हतं, दीर आणि नणंदा तिला पडद्यावरच भेटलेल्या. पण पहिल्याच चित्रपटात नायकाच्या वहिनीचं काम मिळालं आणि ते नाव अंगाला चिकटलं ते चिकटलंच. पुढे तिनं परिचारिका केली, शाळामास्तरीण केली, एकदा तुरुंगातली पहारेकरीणही केली, तरी दिवेवाल्यांपासून मालकांपर्यंत सगळ्यांच्या तोंडी ती वहिनीच. "वहिनी, जरा उजेडात या," असं कुणी म्हटलं की ती एक पाऊल पुढे यायची, तेवढ्यात नायिकेवरचा दिवा सांभाळणारा ओरडायचा, "वहिनी, मागे!" त्या एका पावलाच्या जागेत तिची बरीच वर्षं गेली.

दिसायला ती वाईट नव्हती. उंच, मान सरळ, बांधा नेटका. चेहरा मात्र असा, की पाहिल्यावर वाटावं हिला कुठेतरी पाहिलंय, आणि कुठे ते काही केल्या आठवू नये. दुय्यम कामांना असा चेहरा फार सोयीचा.

घरी ती आणि थोरली बहीण, दोघीच. तिसऱ्या मजल्यावरच्या दोन खोल्या. त्यातल्या पुढच्या खोलीत ताईचं शिवणयंत्र, आणि जमिनीवर कायम कापडाच्या चिंध्या. ताईनं चित्रपट बघणं कधीच सोडलं होतं. "माझ्या डोळ्यांदेखत तुला तीनदा मारलं मेल्यांनी," ती म्हणायची. "एकदा आगीत, एकदा आजारात, आणि एकदा तर नुसती जिन्यावरून पडलीस. पुरे झालं मला."

अशात वहिनीला एक खरंखुरं काम मिळालं. तेही वहिनीचंच होतं म्हणा, पण यात तिच्या वाट्याला एक अख्खा प्रवेश होता. धाकट्या जावेचा संसार आपण खोटं बोलून मोडला, हे थोरली जाऊ शेवटी दारात उभी राहून कबूल करते, असा तो प्रवेश. पानंच्या पानं बोलायचं, आणि कॅमेरा फक्त तिच्यावर. ताई तोंडात टाचण्या धरून समोर बसायची आणि वहिनी शिवणयंत्राला धाकटी जाऊ समजून बोलायची. एकदा ताईच्या तोंडातून टाचण्या खाली पडल्या. "अगं, रडवलंस की," ती डोळे पुसत म्हणाली. त्या दिवशी वहिनीला वाटलं, जमलं.

धाकट्या जावेचं, म्हणजे नायिकेचं, काम बेबी करत होती. लहान असल्यापासून पडद्यावर वावरल्यामुळे पंचविशी आली तरी ती बेबीच राहिली होती. तिची आई रोज सेटवर यायची. तिला सगळे मोठ्या बाई म्हणत. कॅमेऱ्याच्या डाव्या हाताला तिची वेताची खुर्ची ठरलेली, पायाशी चहाचा थर्मास. ती कधी आवाज चढवायची नाही. शॉटच्या आधी फक्त म्हणायची, "बेबी, खांदा," आणि बेबीचा उजवा खांदा आपोआप खाली यायचा. बेबीच्या चालण्यावर लोक जीव टाकत. जमिनीवर पाण्याचा पातळ थर आहे आणि तो हलू द्यायचा नाही, अशा बेतानं ती चालायची. वर्तमानपत्रवाले तिच्या अभिनयाबद्दल हातचं राखून लिहीत, पण चालीबद्दल लिहिताना त्यांची लेखणी थांबत नसे.

तळ्याचा प्रसंग घ्यायचा होता तो दिवस वहिनीला पुढे जन्मभर आठवला. स्टुडिओतच मोठा हौद बांधला होता, पाणी बर्फासारखं गार. बेबी काठावर बसली होती आणि तिचे ओठ सुकलेले होते.

"आई, आज नको," ती हळूच म्हणाली. "अंग तापलंय माझं."

मोठ्या बाईंनी तिच्या कपाळाला हात लावला. क्षणभर हात तिथेच राहिला. मग त्यांनी वर लागलेल्या दिव्यांकडे पाहिलं, उभ्या असलेल्या माणसांकडे पाहिलं.

"एकदाच घेऊ. सगळे खोळंबलेत. मग घरी जाऊन झोप हं."

एकदाच घ्यायचा तो शॉट तीनदा घ्यावा लागला. शेवटचा मनासारखा झाला तशी बेबी पाण्यातून बाहेर आली, कुणीतरी पुढे केलेली शाल तिनं घेतली आणि रंगपटाकडे चालू लागली. मोठ्या बाईंनी हाक मारली. ती वळली नाही. परत हाक मारली, तरी वळली नाही. दार लोटलं गेलं. तिथूनच तिला इस्पितळात नेलं, आणि आठवडा उलटायच्या आत ती गेली.

स्टुडिओला कुलूप लागलं. चित्रपट पाऊण झालेला होता. थोड्या दिवसांनी दिग्दर्शकसाहेबांनी वहिनीला बोलावून घेतलं. टेबलापलीकडे ते बसले होते, दाढी वाढलेली.

"वहिनी, उठा आणि जरा त्या दारापर्यंत जा बघू."

ती गेली.

"तशाच उभ्या राहा. वळू नका." त्यांनी मान तिरकी करून पाहिलं. मग म्हणाले, "उंची तीच आहे. मानही."

त्यांचा बेत साधा होता. उरलेले प्रसंग पाठमोरे घ्यायचे. कुठे डोक्यावरून शाल, कुठे भिंतीवर नुसती सावली, कुठे दुसऱ्या बाईच्या आवाजात भरलेले संवाद. आणि शेवटी नायिका घर सोडून लांबलचक ओसरीतून निघून जाते, तेही मागूनच.

"आणि माझा प्रवेश?" वहिनीनं विचारलं. "दारातला?"

साहेबांनी डोळे चोळले. "तो आता कसा होणार? तुमच्यासमोर कोण उभं राहणार? तुम्हीच दोन्हीकडे कशा उभ्या राहाल?"

ती घरी आली आणि ताईला म्हणाली, "मी हो म्हटलंय." का म्हटलं ते तिनं सांगितलं नाही. खरं कारण असं होतं, की नायिकेवरचा तो मोठा दिवा एकदा तरी आपल्या अंगावर पडेल, हा विचार तिच्या मनातून जाईना.

मग ती घराबाहेरच्या लांब गॅलरीत चालायला लागली. सकाळी चालायची, भाजी आणायला जाताना चालायची, हातात पाण्याची बादली घेऊन चालायची. बेबीला तिनं महिनोन् महिने एका पावलावरून पाहिलेलं होतं. टाच कधी टेकते, मान कुठे थांबते, सगळं डोळ्यांत साठलेलं. शेजारणी दारात येऊन हसायच्या. ताई मात्र हसली नाही.

"मेलेल्या पोरीचे पाय कशाला लावून घेतेस स्वतःला?"

"कामच आहे ते, ताई."

"काम कसलं! कामावरून आल्यावर माणूस चपला काढून ठेवतो."

शेवटच्या प्रसंगाच्या दिवशी पोशाखवालीनं बेबीचे कपडे आणले आणि बेबीचेच बूट. बूट थोडे घट्ट होते. आत अंगठ्याच्या जागी खळगा पडलेला, आणि वहिनीचा अंगठा नेमका त्यात जाऊन बसला. ती बाहेर आली तर सेटवर चिटपाखरू नसल्यासारखी शांतता. मोठ्या बाई आल्या होत्या. खुर्ची हलवायचं धाडस कुणालाच झालेलं नव्हतं. त्या येऊन तिच्यात बसल्या होत्या, पायाशी थर्मास. साहेब जवळ जाऊन काहीतरी पुटपुटले. मोठ्या बाईंनी त्यांच्याकडे पाहिलंसुद्धा नाही.

दिवे लागले. वहिनी ओसरीच्या तोंडाशी कॅमेऱ्याकडे पाठ करून उभी राहिली. मोठ्या दिव्याची ऊब पहिल्यांदा तिच्या अंगावर पडली, पाठीवर पडली.

"बेबी, खांदा," मागून आवाज आला.

वहिनीनं काही ठरवायच्या आत तिचा उजवा खांदा खाली आला. ती चालू लागली. ओसरी संपली, भिंत आली, तरी "कट" ऐकू येईना. शेवटी ती थांबली आणि वळली. साहेब तोंडावर रुमाल धरून उभे होते. दिवेवाला खाली बघत होता. मोठ्या बाईंनी थर्मासचं झाकण फिरवून घट्ट केलं आणि उठून निघून गेल्या.

चित्रपट लागला आणि तुफान चालला. वहिनी एकटीच जाऊन बघून आली. तिचा चेहरा एकदाच दिसला, पूर्वार्धात, जेवणाच्या टेबलापाशी, तोही पडद्याच्या कडेनं अर्धा कापलेला. शेवटच्या प्रसंगाला मात्र अख्खं सभागृह हुंदके देत होतं. शेजारची बाई तिच्या दंडाला धरून म्हणाली, "कशी चालत गेली हो! जणू कळलंच होतं तिला." वर्तमानपत्रात आलं, की अशी चाल पुन्हा होणे नाही. वहिनीनं ते ताईला वाचून दाखवलं.

"म्हणजे तुझंच कौतुक की गं."

"हो ना," वहिनी म्हणाली. "नाव तेवढं दुसरीचं."

इथवर सगळं ठीक होतं. पुढे झालं असं, की चाल जाईना. दुसऱ्या एका चित्रपटात ती स्वयंपाकीण होती. "अहो वहिनी," तिथला दिग्दर्शक वैतागला, "पातेलं घेऊन यायचंय, वरात घेऊन नाही. साध्या बायकांसारखं चाला की." तिनं परत करून पाहिलं. परत तेच. आपण आधी कशा चालायचो हे तिनं आठवायचा प्रयत्न केला, आणि लक्षात आलं की ते तिनं कधी पाहिलेलंच नव्हतं. आपली चाल कोण बघतं?

रस्त्यानं जाताना मागून पावलांची घाई ऐकू यायची. कुणीतरी झपझप पुढे यायचं, वळून तिच्या तोंडाकडे बघायचं आणि चेहरा पडायचा. "माफ करा हं, मला वाटलं..." पुढचं कुणी बोलायचं नाही. एकदा कापडाच्या दुकानात दोन आरसे समोरासमोर लावलेले होते. त्यात तिला एक पाठमोरी बाई दिसली. उंच, उजवा खांदा किंचित उतरलेला. तिच्या मनात आलं, ही आता वळेल. मग तिला कळलं की वळायचं आपल्यालाच आहे. ती न वळता दुकानातून बाहेर पडली.

चेहऱ्याची कामं हळूहळू आटली. पाठीची यायला लागली. एखाद्या नायिकेला वेळ नसला, एखादी रुसून बसली, की वहिनीला निरोप. एक जण तर कौतुकानं म्हणाला, "तुमच्या पाठीत जे आहे ना वहिनी, ते भल्याभल्यांच्या तोंडावर नसतं." तिनं हसून मान डोलावली. करते काय?

अशातच एका रविवारी दुपारी मोठ्या बाईंनी मोटार पाठवली.

त्यांचं घर मोठं होतं आणि आत आवाज नव्हता. दिवाणखाना लांब, एका टोकाला दार, दुसऱ्या टोकाला खिडकी. खुर्च्यांवर पांढऱ्या खोळी चढवलेल्या; एकच उघडी होती, तिच्यात मोठ्या बाई बसल्या होत्या. ये म्हणाल्या नाहीत, बस म्हणाल्या नाहीत.

"जरा खिडकीपर्यंत जातेस?"

वहिनी गेली. खिडकीपाशी पोचून ती वळली तेव्हा मोठ्या बाई कपातल्या चहाकडे बघत होत्या.

"पुढच्या रविवारी ये," त्या म्हणाल्या.

ती गेली. त्याच्या पुढच्या रविवारीही गेली. असं वर्षभर चाललं, कदाचित जास्तच. बोलणं जवळपास नाहीच. दारापासून खिडकीपर्यंत जायचं, कधी पुन्हा एकदा, कधी तीनदा. वळलं की मोठ्या बाई नजर खाली घालायच्या. तिच्या चेहऱ्याकडे त्यांनी एकदाही पाहिलं नाही. आणि वहिनीलाही त्या खोलीत आपल्याला चेहरा आहे याचा विसर पडायला लागला.

शेवटी ताईच्या संतापाचा कडेलोट झाला.

"तिकडून आलीस की तुला माझी ओळख राहत नाही. परवा बोलत होतीस ती खिडकीकडे तोंड करून. मी काय तुझ्या पाठीशी गप्पा मारू?"

"कुणीतरी माझी वाट बघतं, ताई. तेवढी एक जागा आहे."

"तुझी नाही गं बघत!" ताईचा आवाज फुटला. "तुझी वाट मी बघते. इथे."

वहिनी त्या रात्री जेवली नाही. पुढच्या रविवारी ती मोठ्या बाईंकडे गेली ती मनाशी काही ठरवून. दारातून निघाली, आणि खोलीच्या मध्यावर आली तशी थांबून वळली.

मोठ्या बाई बेसावध होत्या. त्यांची नजर खाली जायच्या आत वहिनीनं ती पकडली. दोघी एकमेकींकडे बघत राहिल्या. खिडकीतून ऊन येत होतं, आणि इतक्या वर्षांत पहिल्यांदाच वहिनीला दिसलं, की मोठ्या बाईंच्या गालांवर पावडरीखाली देवीचे खोल व्रण आहेत.

"तू थोरल्या जावेचं काम करत होतीस," मोठ्या बाई म्हणाल्या.

"हो."

"बस. चहा आणते."

त्या खुर्चीचे हात धरून उठल्या आणि आतल्या दाराकडे निघाल्या. वहिनी त्यांच्याकडे मागून बघत राहिली. म्हातारपणानं कंबर वाकली होती, पण टाच तशीच टेकत होती, मान तिथेच थांबत होती. उजवा खांदा किंचित उतरलेला. वर्षानुवर्षं खुर्चीत बसलेल्या या बाईला चालताना कधी कुणी नीट पाहिलंच नव्हतं.

चहा घेऊन त्या परत आल्या तेव्हा वहिनी अजून उभीच होती. "ही चाल... ही तुमची आहे."

"माझीच." मोठ्या बाई खाली बसल्या. "मला कुणी पडद्यावर घेतलं नसतं. हे तोंड बघतेस ना? मग मी तिला दिली. चार वर्षांची होती. डोक्यावर उशी ठेवून चालवायची मी तिला याच खोलीत."

"मग ती कशी चालायची? तिची तिची?"

मोठ्या बाईंनी कप खाली ठेवला. त्यांच्या चेहऱ्यावर काहीतरी हललं.

"धपधप. सबंध पाऊल आपटत. जिना चढताना तर खालच्या मजल्यावरचे भाडेकरू तक्रार करायचे. एक एक पायरी सोडून चढायची, आणि वरच्या पायरीवर उगाच एक उडी. कितीदा ओरडले असेन! तेवढी घरात असायची ती. बाहेर पडली की मी."

"मग मला का चालवत होता तुम्ही, दर रविवारी?"

मोठ्या बाईंनी दारापासून खिडकीपर्यंत नजर फिरवली.

"ती चुकायची ना, तेव्हाच ती तिची असायची. मला वाटायचं, तू कधीतरी चुकशील. एखादं पाऊल आपटशील. तेवढ्यात मला ती दिसेल." त्या वहिनीकडे सरळ बघत होत्या. "पण तू एकदाही चुकली नाहीस."

परत मोटार आली नाही. वहिनी आपणहून दोन-तीनदा गेली, तर कामवालीनं दारातूनच सांगितलं, बाई कुणाला भेटत नाहीत. थंडीत मोठ्या बाई गेल्या. शेवटच्या निरोपाला हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी माणसं होती. साहेब आले होते. त्यांनी वहिनीला ओळखलं नाही, ती पाठ फिरवून निघाल्यावर ओळखलं आणि मागून हाक मारली. ती थांबली नाही.

त्यानंतर तिनं पाठीची कामं घेणं बंद केलं. म्हणजे जवळपास कामच बंद झालं. ताईच्या शेजारी बसून ती काजं करायला, बटणं लावायला शिकली. वर्ष-दीड वर्षानं एका चित्रपटात मोलकरणीचं बारकंसं काम आलं. हातात ताट घेऊन जिना चढायचा आणि दाराआड नाहीसं व्हायचं. बोलायचं काही नाही.

ती जिन्याच्या तळाशी उभी राहिली. "चला," कुणीतरी म्हणालं. आणि ती निघाली ती सबंध पाऊल आपटत. धप, धप, एक पायरी सोडून एक. ताटातला पेला खणखणला. वरच्या पायरीवर तिनं एक छोटीशी उडी मारली.

"कट! अहो बाई, हे काय?" दिग्दर्शक पोरसवदा होता, तिला ओळखणारा नव्हता. "पायऱ्या फोडताय की काय?"

"अशीच चालते ही," वहिनी वरून म्हणाली. "घरातली आहे ना."

त्यानं घड्याळात पाहिलं. उजेड चालला होता, मोठ्या नटाला दुसरीकडे जायचं होतं. "बरं, राहू दे. पुढचं घ्या."

तो चित्रपट आठवडाभरच चालला. पहिल्याच दिवशी वहिनी ताईला घेऊन गेली, "यात मरत नाहीस ना?" एवढं विचारून ताई आली. निम्मं सभागृह रिकामं होतं. जिन्याचा प्रसंग आला. राखाडी कपड्यातली, ताट घेतलेली एक बाई धपधप करत वर गेली, शेवटी उगाच उडी मारली आणि दाराआड गेली. मागच्या रांगेत कुणीतरी फिसकन हसलं.

"हे काय गं चालणं?" ताई कुजबुजली. "कुणाचं?"

वहिनीचे डोळे त्या बंद दारावर होते. तिनं ते चालणं कधीच पाहिलेलं नव्हतं. एका म्हातारीच्या चार वाक्यांवरून उभं केलेलं. बरोबर झालं की नाही, हे सांगू शकेल असं आता जगात कुणी उरलं नव्हतं. पडद्यावर दुसराच प्रसंग सुरू झाला, नायक-नायिका काहीबाही बोलू लागले, तरी तिच्या कानात जिन्यावरची पावलं वाजतच होती, वरच्या मजल्यावर, आणखी वर.